फुकटी फुलं

आमच्या घरात भोपळ्याच्या फुलाला कुणी फूल म्हणत नसे. फूल म्हणजे देवाला वाहायचं नाहीतर वेणीत माळायचं. भोपळ्याचं फूल ही भाजी. श्रावण लागला की पहाटे मला जाग यायची ती काकीच्या बांगड्यांच्या आवाजानं. गोठ्यात बैल अंग झाडायचे, त्यांच्या गळ्यातल्या घुंगरांचा आवाज व्हायचा, कौलांवरून पागोळ्या गळत असायच्या, आणि त्या सगळ्यातून काचेच्या बांगड्या किणकिणत परसाकडे जायच्या. काकी हातात सूप घेऊन गोठ्याच्या छपरावर चढलेल्या वेलाकडे निघालेली असायची. परत यायची तेव्हा सूप पिवळंधमक. त्या फुलांची देठं ती मोडायची, मधली पिवळी काडी कडू लागते म्हणून चिमटीनं उपटून कोंबड्यांपुढे टाकायची, आणि तांदळाच्या पिठात लसूण, हिरवी मिरची, ओवा, हळद कालवून एकेक फूल त्यात बुडवून कढईत सोडायची. तेलात पडल्याबरोबर ते फूल फुगायचं, कडा कुरकुरीत, आत मऊ. शेजारी तांदळाची गरम भाकरी. मी आजवर पुष्कळ ठिकाणी पुष्कळ काही खाल्लं, लोकांनी कौतुकानं हॉटेलात नेलं, पण त्या भज्यांची सर कशाला आली नाही. हे मी जिभेच्या लालसेनं लिहीत नाही. या भज्यांनीच आमच्या घरात दोन वर्षं काय घोळ घातला होता, ते मला सांगायचं आहे.

आमची वाडी किन्हवलीच्या अलीकडे, ओहोळाच्या या बाजूला. बाकीची घरं ओहोळापलीकडे दाटीवाटीनं, आमचं एकटं अलीकडे. घरात बाबा, आई, काका, काकी, मी आणि मोठी आत्या. आत्या बाबांहून मोठी. लग्नानंतर थोड्याच काळात नवरा गेला म्हणून माहेरी आली आणि मग घर तिनंच चालवलं. आवाज असा की ती परसात बोलली तर ओहोळापलीकडची कुत्री उठून उभी राहायची. बाबा घरचे कर्ते म्हणवायचे, पण भाताचं बी कुठल्या कणगीतलं काढायचं इथपासून पाहुण्याला चहा द्यायचा की कोरा निरोप, इथपर्यंत सगळं आत्या ठरवायची. मला ती फार आवडायची आणि मी तिच्याशी फार भांडायची. घरात तिच्यासमोर तोंड उघडणारी मी एकटी. आई म्हणायची, ही पोर आत्यावरच गेलीय, आणि ते ऐकून आम्हा दोघींनाही राग यायचा.

काकी आली ती मुरबाडकडची, सिद्धगडाच्या पायथ्याच्या एका पाड्यातली. तिथं तेव्हा एसटी जात नव्हती. वऱ्हाड चालत गेलं नि चालत आलं. सावळी, उंच, कमी बोलणारी. काका वाशिंदच्या कारखान्यात पाळीवर जायचा, पहाटेची गाडी धरायचा, म्हणून ती सगळ्यांच्या आधी उठायची, आणि उठलीच आहे तर फुलं खुडून आणायची. आमच्याकडे रीत अशी की वेलाचं बी घरातल्या धाकट्या सुनेनं टोचायचं. भोपळा, काकडी, शिराळी, सगळं तिच्या हातचं. काकी येईपर्यंत हे काम आईकडे होतं आणि दर साली गौरीच्या सुमारास छपरावर चार-पाच तरी भोपळे बसलेले दिसत. काकी आल्यावर पहिल्या साली एकच लागला, तोही एका अंगानं खुरटलेला, वाकडा. दुसऱ्या साली एकही नाही. वेल मात्र असा माजलेला की छप्पर दिसेना. फुलं लागायची, फुलाखाली सुपारीएवढा भोपळा दिसायचा, तो पिवळा पडायचा, मऊ व्हायचा आणि गळायचा.

काकीच्या लग्नाला तेव्हा दोन वर्षं होत आली होती आणि तिला मूल नव्हतं. एवढं सांगितलं की आमच्याकडच्या कुणालाही पुढचं कळेल. वाकडा भोपळा पाहिला तेव्हाच आत्याच्या कपाळाला आठी पडली होती. दुसऱ्या साली ती बोलली, "हिच्या हाताला फळ नाय," आणि आत्या बोलली की ते वाडीभर झालं. ओहोळावर धुणं धुणाऱ्या बायका काकी आली की बोलायच्या थांबत. एकदा पलीकडची बायजा आपल्या काकडीच्या मांडवाशी उभी होती. काकी त्या वाटेनं जाताना तिनं नुसतं म्हटलं, "यमुने, जरा वरच्या वाटंनं जा गो, इथं चिखल हाय." चिखल तर सगळीकडेच होता. काकी वरच्या वाटेनं गेली. मी मागून येत होते. मला बायजाच्या मांडवाला आग लावाविशी वाटली.

तिसऱ्या साली मृगात आत्यानं बियांची पुरचुंडी काकीच्या हातात दिली ती सगळ्यांसमोर, पडवीत. "औंदा शेवटचं," ती बोलली. "गौरीला वेलाचा भोपळा दिसला नाय, तर पुढल्या सालापासून बियाला हात लावायचा नाय. भाताच्या बियालाबी नाय." शेतकऱ्याच्या घरात बाईला बियाला शिवू दिलं नाही म्हणजे काय उरलं? राबात भाताचं बी पेरताना ती बांधावर उभी राहणार, लावणीला रोपांची मूठ बांधताना कुणी तिला हाक मारणार नाही, ती आपली भांडी घासणार. काकानं मान खाली घातली. काकीनं पुरचुंडी पदरात घेतली आणि म्हणाली, "बरं." मला वाटलं, ही बाई ओरडत का नाही? आज वाटतं, ओरडून जायचं कुठं, असा तिचा हिशेब असेल. चालत जायचं म्हटलं तरी सिद्धगड केवढा लांब.

फुलांच्या बाबतीत आमच्या घराचा एक कायदा होता, तो सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. वेलावर दोन तऱ्हेची फुलं. एक लांब बारीक देठावरचं, त्याच्या मागं काही नाही. दुसरं आखूड जाड देठावरचं, त्याच्या बुडाशी इवलासा भोपळा. मागं भोपळा असलेलं फूल तोडलं तर आत्या हात तोडायला उठायची. आणि मागं काही नसलेली, ती फुकटी. "फुकटी फुलं वेलाची ताकद खातात, सगळी खुडा," हा तिचा नियम. म्हणजे भज्यांची भजी, आणि वेलावरचं ओझंही कमी. काकी कामाला चोख. एक फुकटं फूल वेलावर ठेवायची नाही. छपराच्या पार टोकाशी असलं तरी शिडी लावून काढायची. आणि भजी इतकी सुरेख करायची की सगळ्यांनाच रोज हवी असायची, आत्याला सगळ्यांहून जास्त.

मी तेव्हा किन्हवलीच्या शाळेत आठवीत होते. आम्हाला विज्ञानाला कल्याणकडच्या एक बाई होत्या, बारीक चणीच्या, केसांचा घट्ट अंबाडा घालणाऱ्या. एक दिवस त्यांनी सगळ्यांना घरून जास्वंद आणायला सांगितली. वर्गात एकदम देवळाचा वास आला. बाईंनी ब्लेडनं जास्वंद उभी चिरली आणि बाकाबाकावर येऊन दाखवत गेल्या. बाहेरचं हिरवं ते निदल. कळी आत असते तोवर बाळाला दुपट्यात गुंडाळावं तसं तिला जपायचं, एवढं त्याचं काम. मग पाकळ्या. आम्हाला वाटे पाकळ्या देवासाठी आणि वेणीसाठी. बाई म्हणाल्या, पाकळ्या माशीसाठी आणि भुंग्यासाठी, इथं या म्हणून रंगानं केलेलं बोलावणं, आणि बुडाशी गोड रस ठेवलाय तो त्यांच्या येण्याची बिदागी. मग ते मधलं लांब, केसाळ. त्यावरचे बारीक दाणे म्हणजे परागकोश, त्यातली भुकटी म्हणजे पराग. ते सगळं मिळून पुंकेसर, फुलातला पुरुष. आणि टोकाला लाल मखमली ठिपके, ती कुक्षी. बाईंनी माझं बोट धरून त्यावर टेकवलं. चिकट लागलं. "परागाचा कण इथं चिकटायला हवा," बाई म्हणाल्या. "मग तो इथून खाली, या नळीतून आतपर्यंत पोचतो." खाली ब्लेडनं त्यांनी अंडाशय उघडला. आत पांढरे बारीक मणी. "हे बियांचे जीव. पराग पोचला तर यांचं बी होतं आणि भोवतीच्या अंडाशयाचं फळ. नाही पोचला, तर हे सगळं सुकून गळतं. फुलातला एकही भाग शोभेचा नाही गं मुलींनो."

सुकून गळतं म्हटल्याबरोबर मला आमचे गळके भोपळे आठवले. मी उभी राहिले. मी कायम उभीच राहायची, त्याबद्दल छड्याही खाल्ल्या आहेत. "बाई, ज्या फुलाच्या मागं फळच नसतं, त्या फुकट्या फुलाचं काय काम?" वर्ग हसला. बाईंनी विचारलं, कुठलं फूल? मी म्हटलं, भोपळ्याचं. बाई हसल्या नाहीत. त्यांनी फळ्यावर दोन फुलं काढली. जास्वंदीत बाई नि पुरुष एकाच घरात राहतात, म्हणाल्या, पण भोपळ्यात दोघांची घरं वेगळी. ज्याच्या मागं भोपळा असतो त्या फुलात नुसती कुक्षी आणि अंडाशय, पराग नाही. पराग सगळा त्या लांब देठाच्या फुलात. "ते फुकटं नाही गं. ते नसेल तर दुसरं फूल सकाळभर वाट बघेल आणि मिटेल. तुमच्याकडे त्या फुलांचं काय करता?" मी म्हटलं, "भजी." आता मात्र बाईंसकट सगळे हसले. मी हसले नाही. माझ्या डोळ्यांसमोर काकीचं सूप होतं, आणि कोंबड्यांपुढे टाकलेल्या पिवळ्या काड्यांचा ढीग. आमचे भोपळे आम्ही छपरावर लागूच देत नव्हतो. ते आम्ही रोज सकाळी पिठात बुडवून खात होतो.

त्या दिवशी मी घरी पळत आले. पाऊस, चिखल, दप्तर डोक्यावर. काकी चुलीशी होती. मी एका दमात सगळं ओकले. पहिल्यांदा तिला काही कळेना. मग मी तिला परसात ओढत नेलं. दुपार टळलेली, सकाळची फुलं मिटून लोंबत होती. मी मागं भोपळा असलेलं एक मिटलेलं फूल चिरून आतली जाड, तीन पाकळ्यांची कुक्षी दाखवली. गळून पडलेला एक पिवळा भोपळा नखानं फोडून आतल्या पोकळ बिया दाखवल्या. ती ते हातात घेऊन खाली बसली. "म्हंजे मीच गो," ती बोलली. "मीच दोन सालं खुडून खुडून..." मी म्हटलं, "तू खुडलंस, खाल्लं सगळ्यांनी." तशी ती हसली, आणि हसता हसता तिला रडू आलं, आणि मग ती पदर तोंडात कोंबून रडली. दोन वर्षांत मी तिला रडताना पाहिलं नव्हतं. माझं डोकं भडकलं. मी आत्याला जाऊन सुनावणार म्हणून निघाले तर तिनं माझं मनगट धरलं. "आदी करून बघू. मंग बोल. नुसतं बोलून कोन ऐकतं?" हे शहाणपण तिचं. माझ्या एकटीवर असतं तर मी त्याच संध्याकाळी बोंब मारून सगळं घालवून बसले असते.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी उजाडताच वेलाशी. काकीनं एक ताजं फुकटं फूल खुडलं. त्याच्या पाकळ्या मागं मुडपल्या, मधली काडी मोकळी केली. तीच काडी, जी इतके दिवस कोंबड्यांनी खाल्ली. माझ्या हातून ती नीट लागेना, मी घाईघाईनं खुपसत होते. काकीनं ती घेतली आणि मागं भोपळा असलेल्या फुलात, कुक्षीवर, हलकेच फिरवली, जशी नवरीच्या गालाला हळद लावतात तशी. पिवळी भुकटी चिकटली. आम्ही एकमेकींकडे पाहिलं. तेवढ्यात सर आली आणि पाच मिनिटांत फुलात पाणी साचलं. ते फूल वाया गेलं. पुढे तेही गळलंच. मी हात टेकले. पण काकी पाड्यात वाढलेली, द्रोण-पत्रावळी लावून विकणाऱ्या घरातली. तिनं पळसाची पानं आणली, बांबूच्या चोयांनी टाचून बारके द्रोण केले, आणि दुसऱ्या सकाळपासून पराग लावला की त्या फुलावर एक द्रोण उपडा घालून काडी टोचून ठेवायचा, असा बेत केला. शाळेतल्या बाईंनाही हे सुचलं नसतं. मी पुढे त्यांना सांगितलं तेव्हा त्यांनी ते वहीत उतरवून घेतलं.

मग ती वाट बघणं. आम्ही दिवसातून किती वेळा वेलाकडे जायचो ते विचारू नका. पावसात एकाही भुंग्यानं तोंड दाखवलं नव्हतं, त्यामुळे द्रोण नसलेली फुलं पहिल्यासारखीच पिवळी पडून गळाली. द्रोणाखालची मात्र हिरवी राहिली. मग तकतकीत झाली. मग लिंबाएवढी, मग पेरूएवढी, आणि टोकाला सुकलेलं फूल अजून चिकटलेलं. काकी बोटानं त्यांना शिवायची आणि लगेच हात मागं घ्यायची. घरात ती बोलायला लागली. एकदा तर भाकरी थापताना गुणगुणली, आणि आई माझ्याकडे बघून डोळे मोठे करून बसली.

नराची फुलं म्हणजे आता मोलाची, तेव्हा भजी कमी झाली. कधी ताटात दोनच, कधी नाहीच. आत्यानं आठ दिवस सोसलं. नवव्या दिवशी काकाची सुट्टी होती, सगळे घरी, आणि ताटात नुसती आमटी. "फुलं गेली कुटं?" म्हणत ती उठली आणि स्वतः परसात गेली. इतक्या वर्षांत ती वेलाकडे गेली नव्हती. तिनं पाहिलं ते हे: वेलभर पानांचे उपडे द्रोण, काड्या टोचलेले, आणि जमिनीवर पाकळ्या सोललेली फुलं. मग ती दारात आली आणि हळू बोलली, आणि ती हळू बोलली म्हणूनच सगळे घाबरले. "हिनं करनी केलीय. वेलाला पानं उपडी घालून काड्या मारल्यात. हिच्या माहेरी शिकवतात असलं. नानू, आजच्या आज हिला पोचवून ये." नानू म्हणजे काका. काकाचा हात ताटात तसाच थांबला. काकी भिंतीला टेकून उभी राहिली, पांढरी फटक. मी तिच्याकडे पाहिलं आणि मला कळलं, आता जर मी बोलले नाही तर ही बाई खरोखरच चालत सिद्धगडाच्या वाटेला लागेल.

मी बोलले. आजवर मी वर्गात, सभांत, भांडणांत पुष्कळ बोलले आहे, पण त्या पडवीतल्याइतकं कधी नाही. मी सूप घेतलं, परसातून दोन फुलं तोडून आणली, एक नर, एक मादी. होय, मागं भोपळा असलेलंही तोडलं, आत्यासमोर, आणि तिनं हात उगारला तरी खाली बसले. "हे बघ आत्या. हे हिरवं, हे कळीला जपायला. या पाकळ्या, माशीला बोलवायला. हे पिवळं बोटाला लागतंय ना? हा पुरुष. आणि हे चिकट, ही बाई. याच्यातनं हे इकडं आलं तर खालच्या याला बी धरतं. नाय आलं तर गळतं. भोपळ्यात पुरुष एका फुलात नि बाई दुसऱ्या फुलात. आणि आपण सगळे पुरुष खुडून खातो. काकी नाय, आपण." बाबा खाकरले, आठवीतल्या मुलीच्या तोंडी हे पुरुष-बाई त्यांना सोसेना. "गप बस," म्हणाले. मी गप्प बसले नाही. मी आत्याचा हात धरला, म्हातारीला परसात नेलं आणि एक द्रोण उचलला. खाली भोपळा होता. पेरूएवढा, हिरवागार, पांढऱ्या रेघांचा. दुसरा उचलला, तिसरा उचलला. मग जमिनीवरचे पिवळे गळके भोपळे गोळा करून तिच्या हातात दिले. "हे ज्यांना पराग नाय मिळाला ते. करनी केली असती तर अशी अर्ध्याच फुलांवर कशी चालली असती?"

आत्या हुशार होती, तिनं लगेच अडवलं. "मंग आदी कसे लागायचे? तुझी आयबी फुलं खुडायचीच ना?" हे मला सुचलं नव्हतं. तेव्हा माझी आई, जी घरात कधी एका वाक्यापेक्षा जास्त बोलत नसे, ती मागून म्हणाली, "मी कुटं सगळी खुडायची? छपरावर सुरवंट असतात. मला त्यांची लय किळस. हाताशी येतील तेवढी चार तोडायची नि सांगायची, संपली." काका पहिल्यांदा हसला, मग बाबा. काका म्हणाला, "म्हंजे वहिनीनं अंग चोरलं म्हनून भोपळे लागत होते, नि हिनं काम केलं म्हनून लागंनात." आणि बायको शेजारी उभी होती तिच्याकडे त्यानं सगळ्यांसमोर सरळ पाहिलं, आमच्या घरात असं बघायची पद्धत नव्हती. आत्या हसली नाही. तिनं द्रोण होता तसा परत घातला, काडी टोचली, आणि म्हणाली, "गौरीला बघू." पण माहेरी धाडायचं पुन्हा कुणी काढलं नाही.

आता मी वाशिंदला राहते, नव्या इमारतीत, चौथ्या मजल्यावर. आयुष्यभर शहापूरकडे शाळेत विज्ञान शिकवलं आणि दर वर्षी या धड्याला मुलांना जास्वंद न आणता भोपळ्याची दोन्ही फुलं आणायला लावली. गॅलरीतल्या पिंपात माझा एक वेल आहे. इतक्या उंच माशी येत नाही, तेव्हा पुरुष-बाईची गाठ मीच घालून देते. खालच्या मजल्यावरची मुलगी कारखान्यात जायच्या घाईत असते, तरी वर बघून विचारते, "काकू, आज किती लग्नं लावली?" मला ते आवडतं. पिंपातल्या मातीत बोटं घातली की मला अजून काकीच्या पिवळ्या पडलेल्या चिमटीची आठवण येते, आणि मग सकाळभर माझा चेहरा चांगला असतो.

त्या साली तेरड्याची गौर घरात आली त्या दिवशी छपरावर इतके भोपळे होते की बाबांना मधे टेकू लावावा लागला. आत्यानं सकाळीच शिडी मागवली. तिला चढू द्यायला कुणी तयार नव्हतं, पण ती चढली, आणि वरून एकेक मोजत मोठ्यानं सांगत होती, ओहोळापलीकडे ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं. आमच्याकडे भोपळ्याला पहिला सुरा पुरुषानं लावायचा, तो काकानं लावला. केशरी गर, आणि आत ठासून भरलेलं बी. आत्यानं ते बी दोन्ही हातांनी ओरबाडून काढलं, राखेत घोळलं आणि काकीला हाक मारली. काकी भाकरीचं पीठ मळत होती, हात भरलेले. आत्यानं ते बी तिच्या ओच्यात टाकलं आणि म्हणाली, "नीट वाळवून ठेव. पुढल्या सालीबी तूच टोचायचं, नि भाताचं बीबी तूच." क्षमा वगैरे मागणं आत्याच्या रक्तातच नव्हतं. तिनं तोंड फिरवलं आणि माझ्यावर खेकसली की चुलीवरची भाकरी करपतेय. मी तिला दिसू न देता नाचले. काकीच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला तिचा एकही हात मोकळा नव्हता; आईनं आपल्या पदरानं पुसलं.

काकीला पुढे मूल झालं नाही. हे मुद्दाम लिहिते, कारण ही हकीगत ऐकली की लोक शेवटी तेच विचारतात. झालं नाही, आणि तिचं काही अडलं नाही. पुढच्या श्रावणात आमच्या वाडीत पाऊस असा लागला की कुणाच्याच वेलावर माशी येईना, आणि ओहोळापलीकडे सगळ्यांची फळं गळायला लागली. एका सकाळी, अजून नीट उजाडलं नव्हतं, कुंपणाशी हाक आली. बायजा होती. तिच्यामागं आणखी दोन बायका, डोक्यावर पानांची इरली. "यमुना हाय क गो? म्हनावं आमच्या मांडवाखालनं जरा जाऊन जा. काकड्या सगळ्या गळतायत. तिच्याच हातानं लागतंय बोलतात." पहाटेच्या वेळी, पहिल्या प्रहरी, आपल्या वेलाशी या म्हणून बायका काकीला बोलवायला आल्या होत्या. मी अंथरुणातून उठून दाराशी गेले. काकी वेलाशी होती, हातात सोललेलं फूल. तिनं ऐकलं, पण हातातलं काम टाकलं नाही. ती उत्तर देणार तोच पडवीतून आत्याचा आवाज आला, ओहोळापलीकडची कुत्री उठतील असा:

"थांबा गो जरा. आमची सून पयली आमच्या वेलाचं करील. मंग तुमच्याकडं येईल."